काबूलच्या मुलींची फिल्म सोलापुरात दाखवायची कुणाला?
(लिहिणाऱ्यांची नावं सोलापुरातल्या भागांवरून किंवा खेळावरून घेतलेली)

बाळीवेस
'लर्निंग टू स्केटबोर्ड इन अ वॉरझोन (इफ यू आर अ गर्ल)' हा 2019 चा माहितीपट पाहिला. दिग्दर्शक कॅरोल डायसिंजर. 2020 मध्ये त्याला लघु माहितीपटाचं ऑस्कर मिळालं. काबूलमध्ये स्केटिस्तान संस्थेच्या शाळेत गरीब घरच्या मुली लिहा-वाचायला शिकायच्या आणि तिथंच स्केटबोर्डही (चाकं लावलेली फळी) चालवायच्या. मुलीनं सायकल चालवलेली तिथं खपत नव्हती. स्केटबोर्ड मात्र कुणी पाहिलेलाच नव्हता, म्हणून मनाई करायचं कुणाला सुचलं नाही, आणि तेवढ्या फटीतून मुली आत शिरल्या.

आपल्याकडं असं काही आलं की शाळेत मुलींना दाखवतात. त्यांना कशाला? त्यांना खेळायचंच आहे. आईबापांना दाखवा, लग्न जमवणाऱ्या मामा-काकांना दाखवा. पूर्व भागात, विडी कामगारांच्या वसाहतीत, विडी घरकुलात पडदा लावा. आठवीपर्यंत मैदानावर दिसणारी पोरगी नववीत दिसेनाशी होते, तो निर्णय तिचा नसतो.

जुळे सोलापूर
काबूल आणि सोलापूर एका तागडीत घालू नका. आपल्या जिल्ह्यातली किरण नवगिरे 2022 मध्ये भारताकडून टी-20 खेळली. शेजारच्या धाराशिवच्या खो-खोपटू सारिका काळेला 2020 चा अर्जुन पुरस्कार मिळाला. इथं अडतं ते ऊन आणि पाण्यामुळं. मे महिन्यात पारा 42-43 वर, म्हणजे सराव दिवस कलल्यावरच. संपेपर्यंत अंधार. मैदानावर नीट दिवे नाहीत, रिक्षाला पैसे नाहीत. नळाला पाणी काही दिवसांआड, त्या दिवशी घरात हात लागतातच. याला जुनाट विचार म्हणणं हा कष्टकरी घरांवर अन्याय आहे.

खो-खोवाली
सर, पाणी अख्ख्या घराला लागतं की ओ. मग नळ आला की बहीण हंड्यापाशी आणि भाऊ मैदानावर, असं का?

मी मुलींचा सराव घेते. त्यातली एक ट्रॅक पँटवर ड्रेसचा टॉप आणि ओढणी घेऊन येते. फाटकाच्या आत आली की ओढणीची घडी दप्तरात, वरचा टॉप काढला की आत टी-शर्ट. जाताना सगळं परत चढवायचं. खांबाला सूर मारावा तर तिनंच. तिच्या गल्लीतले लोक काय उन्हामुळं बघत बसत नाहीत.

पूर्व भाग
पडदा लावायचा म्हटलं की आमचंच नाव पहिलं का येतं? माझी आई विड्या वळते. मजुरी दर हजार विड्यांमागं. पोरगी पानं कापायला बसली नाही, तर हजार भरत नाहीत. तरी आईनं बहिणीला कबड्डीला पाठवलं, रात्री स्वतः जागून पानं कापली. आणि बंगल्यातल्या मुलींचा खेळ दहावीच्या क्लाससाठी बंद करतात, त्या घरांना कुणी मागासलेलं म्हणतं का? त्यांच्या सोसायटीत पण लावा पडदा.

बाळीवेस
लावूया, दादा. क्लासवाले पालक पहिल्या रांगेत.

साखर पेठ
एक विचारू? ऑगस्ट 2021 मध्ये तालिबान काबूलमध्ये परत आले. मुलींची सहावीपुढची शाळा बंद झाली, खेळही बंद झाला. फिल्ममधले चेहरे मात्र जगभर फिरतायत. आपण टाळ्या वाजवायच्या आणि त्या मुलींनी निस्तरायचं? दाखवायची तर पुढं काय झालं तेही सांगा.

जुळे सोलापूर
हे पटलं. त्यापेक्षा इथल्याच मुलींवर फिल्म करावी. ती ओढणीवाली मुलगी...

खो-खोवाली
तिच्यावर नको. हात जोडते. गल्लीत कळलं तर दुसऱ्या दिवसापासून तिचं येणं बंद होईल. मी इथं लिहितानाही तिची शाळा, पेठ काही सांगितलं नाही.

पूर्व भाग
मग फिल्म बापांवर करा. पोरीला मैदानावर पाठवणारा बाप गल्लीत काय काय ऐकून घेतो, ते कुणी दाखवलंय?

जुळे सोलापूर
बापही तयार होतील, दिवे लागले तर. अंधारात पोरगी एकटी परतताना कुणाच्याही जिवाला घोर लागतोच. आधी महापालिकेकडं दिव्यांचा अर्ज देऊ, सह्या मी गोळा करतो.

खो-खोवाली
माझी सही घ्या. पण नळाच्या दिवशी कोण थांबणार, हे दिवे लागल्यावरही विचारणार मी.