पाठ असलेल्या सुत्तांचा अर्थ लागत नाही. त्रिपिटकाचा अभ्यास कोठून सुरू करावा?

विक्रोळीचा वाचक

सर्वांना सविनय जयभीम. दोन वर्षांपूर्वी मी नोकरीतून निवृत्त झालो. आमच्या घरी पहिल्यापासून बुद्धवंदना होते, त्यामुळे महामंगलसुत्त, रतनसुत्त आणि करणीयमेत्तसुत्त मला न पाहता म्हणता येतात. मात्र नातीने परवा त्यांतल्या एका ओळीचा शब्दशः अर्थ विचारला तेव्हा मला तो सांगता आला नाही, आणि ती टोचणी लागून राहिली आहे. वर्षावासात त्रिपिटकातल्या, म्हणजे पाली बौद्ध धर्मग्रंथांतल्या, दीघनिकायाचे (दीर्घ सुत्तांच्या संग्रहाचे) मराठी भाषांतर वाचायला घेतले, परंतु पहिल्याच ब्रह्मजालसुत्तात अडकलो, कारण तेच ते वाक्य पुन्हा पुन्हा येत राहते. शाळेत तीन वर्षे संस्कृत होते, तेवढेच काय ते भांडवल. अशा माणसाने आधी पाली शिकावी की आधी भाषांतरे वाचावीत? शिवाय त्रिपिटकातला जुना भाग कोणता आणि नंतरचा कोणता, हे सामान्य वाचकाने कसे ओळखावे?

कालिन्याचा विद्यार्थी

आपल्याला पाठ असलेली तिन्ही सुत्ते सुत्तनिपात या त्रिपिटकातल्याच संग्रहात आहेत, तेव्हा आपली सुरुवात कधीच झालेली आहे. दीघनिकाय तूर्त बाजूला ठेवावा. ब्रह्मजालसुत्तात ६२ मतांचा एकामागून एक समाचार घेतला आहे, आणि ग्रंथाचा क्रम हाच वाचनाचा क्रम समजल्यामुळे पुष्कळांचे वाचन तिथेच संपते.

सुत्तनिपातातले अट्ठकवग्ग आणि पारायणवग्ग हे दोन वग्ग (विभाग) फार जुने मानले जातात, आणि त्याचा पुरावा त्रिपिटकाच्या आतच सापडतो. निद्देस हा ग्रंथ या दोन वग्गांवरची आणि खग्गविसाणसुत्तावरची टीका (भाष्य) आहे आणि तो स्वतः त्रिपिटकात गणला जातो. ज्याच्यावरची टीकासुद्धा त्रिपिटकात जाऊन बसली, ते मूळ तिच्या आधी किती तरी स्थिरावलेले असले पाहिजे. उदान या त्रिपिटकातल्या ग्रंथात अवंतीचा भिक्खू सोण कुटिकण्ण बुद्धांसमोर अट्ठकवग्गाची सोळा सुत्ते म्हणून दाखवतो, तीही याच बाजूची साक्ष आहे.

पाली आधी की भाषांतर आधी, हा प्रश्न मराठी माणसाने थोडा निराळा विचारावा असे मला वाटते. अट्ठकवग्गातल्या अत्तदण्डसुत्तात ‘फन्दमानं पजं दिस्वा, मच्छे अप्पोदके यथा’ अशी ओळ आहे. ‘थोड्या पाण्यातल्या माशांसारखी तडफडणारी प्रजा पाहून’ हा तिचा अर्थ एकदा कळला की मच्छे म्हणजे मासे आणि अप्पोदक म्हणजे अल्प उदक, हे वेगळे शिकवावे लागत नाही. हत्थ, सप्प, कम्म, ओट्ठ हे शब्द तर आपल्या स्वयंपाकघरात ऐकू येणाऱ्या बोलीपासून एका पावलावर आहेत. पण हीच जवळीक फसवते. मराठीत वेदना म्हणजे दुखणे; पालीत वेदना सुखाचीही असते, दुःखाचीही आणि दोन्ही नसलेलीही. मराठीतले विज्ञान प्रयोगशाळेत असते, तर पालीतले विञ्ञाण म्हणजे जाणीव. आपण संसारी माणसे ‘प्रपंच करतो’. मज्झिमनिकायातल्या मधुपिण्डिकसुत्तातला पपञ्च मात्र मनात एका विचारातून दुसरा फुटत जाण्याला म्हणतात. भाषांतरकाराने तोच तत्सम शब्द मराठीत जसाच्या तसा ठेवला की वाचकाला सगळे समजल्यासारखे वाटते आणि अर्थ भलतीकडेच जातो. म्हणून एका बाजूला मूळ आणि दुसऱ्या बाजूला मराठी असे एकेक सुत्त वाचावे आणि ओळखीच्या शब्दावर अनोळखी शब्दापेक्षा अधिक वेळ थांबावे. व्याकरण त्याबरोबर येत जाईल.

चेंबूरची एक शिक्षिका

व्याकरण ‘येत जाईल’ हे मला मान्य नाही. ‘एवं मे सुतं’ मधला ‘मे’ म्हणजे ‘माझे’ नव्हे तर ‘मी’ किंवा ‘माझ्याकडून’, एवढी साधी गोष्टही विभक्ती शिकल्याशिवाय कळत नाही. निदान सहा महिने विभक्ती आणि क्रियापदे यांना द्यावेत. चिमणरावांचे जनक चिं. वि. जोशी हे पालीचे प्राध्यापक होते आणि त्यांनी पालीचे पाठ्यपुस्तकही लिहिले होते, हे सांगितले की माझ्या वर्गात व्याकरणाची भीती निम्मी कमी होते.

जुने-नवे ओळखण्याबाबत एवढेच सांगते की मूळ सुत्त आणि अट्ठकथा (त्यावर नंतर लिहिलेले भाष्य) यांची सरमिसळ होऊ देऊ नये. किसा गोतमीच्या गाथा थेरीगाथेत (भिक्खुणींच्या गाथांच्या संग्रहात) आहेत, पण ज्या घरी कोणी मेले नाही अशा घरातून मोहरी आणण्याची प्रसिद्ध गोष्ट अट्ठकथेतली आहे. म्हातारा, रोगी, प्रेत आणि संन्यासी यांच्या दर्शनाची कथा निकायांत (सुत्तांच्या मूळ संग्रहांत) विपस्सी या पूर्वीच्या बुद्धांच्या संदर्भात, महापदानसुत्तात येते. आपल्या गृहत्यागाविषयी अरियपरियेसनसुत्तात बुद्ध स्वतः सांगतात ते अगदी थोडे आहे: आईवडील डोळ्यांत आसवे आणून रडत असताना केस-दाढी उतरवून आपण घराबाहेर पडलो. बौद्ध ग्रंथांचे अभ्यासक धर्मानंद कोसंबींनी मराठी वाचकाला हा भेद फार पूर्वीच दाखवून दिला होता.

सोपाऱ्याचा रहिवासी

पुनरावृत्तीचा कंटाळा येतो त्याविषयी दोन शब्द. ही सुत्ते कागदासाठी रचलेली नाहीत. ती भाणकांनी, म्हणजे पठण करणाऱ्या भिक्खूंनी, तोंडपाठ राखली, आणि सिंहली परंपरेनुसार ग्रंथरूपाने लिहून काढली गेली ती इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकात. छापील प्रतीत मधेच ‘…पे…’ दिसते तो पेय्याल होय. मागचा मजकूर येथे पुन्हा म्हणावा, अशी ती खूण आहे. एखादे सुत्त सगळे पेय्याल भरून मोठ्याने वाचून पाहावे. डोळ्यांना जे अडते ते कानाला अडत नाही.

कार्ल्याच्या चैत्यगृहात एका स्तंभावर दात्याचे नाव कोरलेले आहे: सोपाऱ्याचा सातिमित, धम्मुत्तरीय पंथाचा भाणक. आमच्या गावचा माणूस म्हणून मला त्याचा अभिमान वाटतो, पण त्या लेखात एक इशाराही आहे. धम्मुत्तरीय हा पाली त्रिपिटक जपणाऱ्या थेरवादाहून वेगळा पंथ होता, आणि कान्हेरीच्या लेखांत भद्रायणीय या आणखी एका पंथाचा उल्लेख आहे. म्हणजे आज पालीत जे वाचायला मिळते ती सिंहलद्वीपात टिकलेल्या एका परंपरेची संहिता आहे; कोकणच्या लेण्यांत जे म्हटले जात होते ते शब्दशः हेच होते, असे धरून चालता येत नाही. चिनी आगमे (सुत्तसंग्रहांची चिनी भाषांतरे) आणि गांधारी या प्राकृत भाषेतील भूर्जपत्रांवरच्या पोथ्या अभ्यासक शेजारी ठेवतात ते याचसाठी.

तरी उदानातले बाहियसुत्त अवश्य वाचावे. बाहिय दारुचीरिय राहतो तो सुप्पारकाला समुद्रकाठी, म्हणजे सोपाऱ्याला.

विक्रोळीचा वाचक

सर्वांचे आभार. काल रात्री वही घेऊन महामंगलसुत्ताला बसलो आणि नातीने विचारलेल्या ओळीपाशीच थांबलो: ‘पुत्तदारस्स सङ्गहो’. मुलाबायकोचा संग्रह?

कालिन्याचा विद्यार्थी

फसवणारा शब्द आपल्याला पहिल्याच दिवशी भेटला. येथे सङ्गह म्हणजे साठवण नव्हे, तर माणसांना धरून राहणे, सांभाळणे. दान, प्रिय वाणी, हिताचे आचरण आणि समानतेची वागणूक ही चार सङ्गहवत्थू अंगुत्तरनिकायात सांगितली आहेत. नातीला पूर्ण उत्तर द्यायचे असेल तर दीघनिकायातले सिगालोवादसुत्त उघडावे. पतीने पत्नीशी कसे वागावे याच्या तेथील पाच गोष्टींत पहिली तिचा सन्मान करणे ही आहे आणि दुसरी तिचा अवमान न करणे ही.