हॉटेलात संप करायचाय, अर्ज कसा लिहायचा? अर्जंट

बँक्वेटवाला:
लग्नसराई चालू आहे, आत्ता बसलो तरच मालक ऐकेल. पगारवाढ नाही, ओव्हरटाइमचा एक रुपया नाही, वर ब्रेक ड्यूटी, म्हणजे सकाळी काम, मध्ये सुट्टी, संध्याकाळी परत काम. रिसेप्शन आवरायला रात्रीचे दोन वाजतात, स्टाफची गाडी साडेबारालाच गेलेली असते. पोरं हॉलमध्येच टेबलक्लॉथच्या गठ्ठ्यांवर झोपतात आणि सकाळी सातला नाश्त्याचा बुफे लावतात. आमचं ठरलंय, शनिवारी सगळ्यांनी एकदम सुट्टी टाकायची, म्हणजे त्याला संप म्हणताच येणार नाही. अर्जाचा मजकूर कुणी देईल का? फाटे फोडू नका, वेळ नाही.

शिवडीकर:
गाव कुठलं? माणसं किती? युनियन आहे का?

बँक्वेटवाला:
पुणे. ऐंशीच्या आसपास. युनियन नाही, पण एकी आहे.

लेबर कोर्टवाले काका:
शनिवारचा बेत आधी रद्द करा. औद्योगिक संबंध संहिता 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू झाली आहे. निम्म्या किंवा जास्त कामगारांनी ठरवून एकाच दिवशी रजा टाकली तर तो संपच धरतात. संपाला 14 दिवस आधी नोटीस लागते. बेकायदा ठरला तर 1,000 ते 10,000 रुपये दंड किंवा महिन्यापर्यंत कैद, किंवा दोन्ही.

शिवडीकर:
काका, पोरांना घाबरवू नका. 14 दिवसांत मालक बाहेरून माणसं आणून लग्नं उरकून घेईल. गिरणगावात वाढलोय मी, दार अडवल्याशिवाय कुणी चर्चेला बसत नाही.

लेबर कोर्टवाले काका:
दार तुम्ही अडवाल, नोकरी यांची जाईल. आठवड्याला 48 तासांच्या वरच्या कामाला दुप्पट दर कायद्यानेच आहे, त्यासाठी संप कशाला? हजेरीचे फोटो काढा आणि कामगार आयुक्तांकडे लेखी तक्रार द्या.

बे एरियातून:
इकडे सॅन फ्रान्सिस्कोत 2018 मध्ये मॅरियटचे कामगार दोन महिने रस्त्यावर होते. मागणी एकच, एका नोकरीत घर चाललं पाहिजे. त्यांनी जिंकून दाखवलं. 2024 मध्येही लेबर डेला अनेक शहरांत मिळून दहाएक हजार हॉटेल कामगार संपावर गेले. हिंमत धरा.

शिवडीकर:
ताई, तिकडे युनियन संपात भत्ता देते. इथे पहिल्याच महिन्यात खोलीचं भाडं थकतं.

जागरूक ग्राहक:
सर्व्हिस चार्ज द्यायची सक्ती नाही, हे सगळ्यांनी लक्षात ठेवा. दिल्ली उच्च न्यायालयाने मार्च 2025 मध्ये तसा निकाल दिला आहे. बिलातून काढायला सांगा.

बँक्वेटवाला:
साहेब, तो विषय नाही. आमच्या बँक्वेटच्या बिलात तो लावतात आणि आमच्या हातात काहीच येत नाही. मला मजकूर पाहिजे.

लेबर कोर्टवाले काका:
मजकुराआधी हे सांगा, पगाराच्या स्लिपवर नाव कुणाचं? हॉटेलचं की कंत्राटदाराचं?

बँक्वेटवाला:
निम्म्यांच्या हॉटेलचं. हाऊसकीपिंगच्या सगळ्या बायका कंत्राटदाराकडून. मी कॅप्टन, म्हणजे वेटरांचा प्रमुख, पगार 22 हजार.

लेबर कोर्टवाले काका:
हे पहिल्याच पोस्टमध्ये यायला हवं होतं. 18,000 च्या वर पगार आणि काम देखरेखीचं असेल तर तुम्ही कायद्याने कामगारच नाही. नुसत्या हुद्द्यावर ते ठरत नाही. दिवसभर प्रत्यक्षात काय करता?

बँक्वेटवाला:
ताटं उचलतो, बुफे लावतो. ड्यूटी चार्टही मीच लावतो.

लेबर कोर्टवाले काका:
मग मालक तोच चार्ट पुढे करणार. तुमचं नाव सध्या मागे ठेवा. हॉटेलच्या रोलवर चाळीस असतील तर सात जणांवर युनियनच्या नोंदणीचा अर्ज होतो. ते सात शोधा. कंत्राटदाराकडच्या बायकांची तक्रार वेगळी करू, कंत्राटदार आणि हॉटेल दोघांवर.

शिवडीकर:
काका म्हणतात ते करा, पण नोटीस लग्नाच्या तारखा बघून द्या. आणि स्टाफच्या गाडीची मागणी सगळ्यात वर लिहा.

बँक्वेटवाला:
किचनमधले पाच तयार आहेत. दोघं स्टुअर्ड मालकाच्या गावचे आहेत, त्यांना विचारू का नको?