सेंटरला खेळणारा वकील
येल विद्यापीठाचा अमेरिकन फुटबॉलपटू हेफेलफिंगर याच्या धिप्पाड देहाची चर्चा निघाली, की मला त्याच खेळातला विल्यम हेन्री लुईस आठवतो. गडी जेमतेम ऐंशी किलोचा, पण खेळायचा ऐन धुमश्चक्रीत, सेंटरला, म्हणजे आघाडीच्या फळीच्या मधोमध! आईवडील व्हर्जिनियातले, गुलामीतून सुटलेले. आणि १८९१ साली हा अ‍ॅमहर्स्ट कॉलेजच्या संघाचा कप्तान. पुढे हार्वर्डला कायदा शिकताना १८९२ आणि १८९३, दोन्ही वर्षी ऑल-अमेरिकन संघात, म्हणजे देशभरातल्या सर्वोत्तम कॉलेज खेळाडूंच्या मानाच्या यादीत. हा मान मिळवणारा पहिलाच कृष्णवर्णीय. त्याच सुमारास हार्वर्डच्याच केंब्रिज गावातल्या एका न्हाव्याने त्याची दाढी करायला नकार दिला. पठ्ठ्याने थेट मॅसॅच्युसेट्सच्या विधिमंडळापर्यंत धडक मारली आणि भेदभावविरोधी कायद्याची व्याप्ती वाढवून घेतली. नंतर हार्वर्डचा प्रशिक्षक, आणि १९११मध्ये चक्क अमेरिकेचा सहायक अ‍ॅटर्नी जनरल, म्हणजे केंद्र सरकारचा बडा कायदा अधिकारी. मला विचाराल तर त्या दाढीचा सामना जास्त भारी.