ललित आणि ललितेतर पुस्तके आलटूनपालटून वाचायची आहेत. पुढचे पुस्तक कसे निवडावे?

मध्यमा

नमस्कार. माझे मराठी वाचन बरीच वर्षे एकाच वर्तुळात फिरत आहे. महाविद्यालयात असताना ‘स्वामी’, ‘मृत्युंजय’, ‘ययाति’ या कादंबऱ्या वाचल्या, घरच्या कपाटातले पु. ल. पुन्हा पुन्हा वाचले आणि त्यानंतर दुकानाच्या दर्शनी भागात जे मांडलेले असेल तेच हाती येत राहिले. तिथे बहुतेक वेळा यशाचे मंत्र सांगणारी अनुवादित पुस्तके असतात आणि त्यांचा मला आता कंटाळा आला आहे.

कादंबरी आणि कथा मला हव्यातच, पण आत्मचरित्र, प्रवासवर्णन, निसर्ग, विज्ञान, इतिहास यांवरचे मुळात मराठीत लिहिलेले लेखनही हवे आहे. ‘वाचलीच पाहिजेत अशी शंभर पुस्तके’ या प्रकारच्या याद्या मी पाहिल्या आहेत. त्यांत एका पुस्तकाचा दुसऱ्याशी काय संबंध आहे ते कळत नाही, त्यामुळे दोन-तीन पुस्तकांनंतर यादी मागे पडते. आपण स्वतः पुढचे पुस्तक कसे निवडता? मी नोकरीनिमित्त वडोदऱ्याला राहते, तेव्हा पुस्तके मिळवण्याचा मार्गही कोणी सुचवला तर बरे होईल.

रानवारा

मध्यमा, मी पुस्तके जोडीने वाचतो. एक ललित आणि एक ललितेतर, पण दोन्ही एकाच प्रश्नावर किंवा एकाच प्रदेशावर उभी असलेली. अशा जोडीत पहिले पुस्तक संपते तेव्हा दुसऱ्याची गरज आपोआप वाटू लागते.

माझी सर्वांत आवडती जोडी जवळजवळ एकाच वेळी प्रसिद्ध झालेली आहे. विभावरी शिरूरकर या टोपणनावाने लिहिलेला ‘कळ्यांचे निःश्वास’ हा कथासंग्रह 1933 साली आला आणि शिकलेल्या, स्वतः कमावणाऱ्या, पण लग्न लांबल्यामुळे घरातच परक्या झालेल्या मुलींच्या मनातले त्यात इतक्या उघडपणे मांडले होते की मोठी खळबळ उडाली; ही लेखिका म्हणजे नेमके कोण, याचीही चर्चा झाली. पुढच्याच वर्षी लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’चा पहिला भाग प्रसिद्ध झाला. लक्ष्मीबाई कधी शाळेत गेल्या नाहीत, लग्नानंतर अक्षरे शिकल्या. सोवळ्याओवळ्याच्या धाकात गेलेले बालपण, पतीने 1895 मध्ये केलेला ख्रिस्ती धर्माचा स्वीकार, त्यानंतरची ताटातूट, हे सगळे त्या अशा प्रसन्न आणि नेमक्या मराठीत सांगतात की दुःखाच्या प्रसंगीही वाचकाला हसू येते. आता ही दोन पुस्तके लागोपाठ वाचून पाहा. पदवी घेतलेल्या नायिका घुसमटलेल्या आहेत आणि शाळा न पाहिलेली बाई मोकळी आहे. शिक्षणाने स्त्रीला काय दिले आणि काय द्यायचे राहिले, हा प्रश्न माझ्यासमोर इतक्या जिवंतपणे कोणत्याही इतिहासग्रंथाने उभा केलेला नाही.

दुसरी जोडी शेतीची आहे. सदानंद देशमुख यांच्या ‘बारोमास’ला 2004 चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. शिकूनही नोकरी न मिळालेला एकनाथ, कर्जात रुतत चाललेले घर, आणि वऱ्हाडच्या बोलीतले त्या घरातले रोजचे खटके हा तिचा विषय आहे. तिच्याबरोबर जोतीराव फुले यांचा ‘शेतकऱ्याचा असूड’ घ्यावा. 1883 साली लिहिलेल्या त्या ग्रंथात शेतकऱ्याच्या घराचे, अंगणाचे, त्याच्या अंगावरच्या कपड्यांचे जे बारकाईने वर्णन केले आहे ते एखाद्या कादंबरीकाराच्या नजरेचे आहे, आणि सावकार, कोर्टकचेरी व सरकारी अंमलदार यांच्याविषयीची त्यांची मांडणी वाचताना मधली शंभराहून अधिक वर्षे कुठे गेली असे वाटते.

कधी एकाच लेखकाची जोडी सापडते. व्यंकटेश माडगूळकर विदर्भातल्या जंगलात जाऊन राहिले आणि त्या मुक्कामावर त्यांनी ‘नागझिरा’ लिहिले. वानरांच्या टोळ्यांमधील सत्तासंघर्षावर त्यांनीच ‘सत्तांतर’ ही छोटी कादंबरी लिहिली. आधी ‘नागझिरा’ वाचले तर निरीक्षणातून कथा कशी आकार घेते ते स्पष्ट दिसते. विज्ञानाची आवड असेल तर जयंत नारळीकर यांचा ‘यक्षांची देणगी’ हा विज्ञानकथांचा संग्रह आणि ‘चार नगरांतले माझे विश्व’ हे त्यांचे आत्मचरित्र घ्या.

पैलतीर

रानवारा यांची पद्धत चांगली आहे आणि त्यांनी सांगितलेल्या जोड्याही विचारपूर्वक निवडलेल्या आहेत, परंतु एक सावधगिरी मला सुचवावीशी वाटते. ललित पुस्तक नेहमी एखाद्या सामाजिक प्रश्नाशी जोडून वाचले तर हळूहळू आपण कादंबरीकडे पुरावा म्हणून पाहू लागतो. मग ज्या लेखनाला अशी जोडी मिळतच नाही ते हातातून सुटते. जी. ए. कुलकर्णी यांच्या ‘रमलखुणा’ची जोडी कशाशी लावणार? त्यातल्या ‘प्रवासी’ आणि ‘इस्किलार’ या दोन दीर्घ कथा ज्या भूमीवर घडतात ती कोणत्याही नकाशावर नाही आणि नियती, शोध, मृत्यू यांविषयी त्या जे सांगतात त्याला कोणत्याही माहितीची पुष्टी लागत नाही. अशी पुस्तके एकटीच वाचावीत आणि त्यांच्यानंतर काही दिवस दुसरे काही हाती घेऊ नये.

जोडी लावायचीच असेल तर ती ललितेतराच्या बाजूनेही सैल ठेवावी. ‘युगान्त’ घ्या. इरावती कर्वे मानववंशशास्त्राच्या अभ्यासक होत्या, तरी गांधारी, कुंती, द्रौपदी यांच्यावरचे त्यांचे लेख कथेसारखी पकड घेतात. उलट, एस. एल. भैरप्पा यांची ‘पर्व’ ही मूळ कन्नड कादंबरी, जी उमा कुलकर्णी यांच्या अनुवादामुळे मराठी वाचकांच्या घराघरांत पोहोचली, तिच्यात महाभारतकालीन विवाहपद्धती, नियोग, युद्धातली उपासमार यांचा अभ्यास इतका खोल आहे की ती एखाद्या संशोधनग्रंथासारखी जड वाटू शकते. या दोन पुस्तकांत ललित कोणते आणि ललितेतर कोणते, हा भेद वाचता वाचता पुसट होत जातो, आणि मला तीच वाचनातली सर्वांत आनंदाची जागा वाटते.

दलित साहित्याकडेही याच दृष्टीने पाहावे. दया पवार यांचे ‘बलुतं’ हे 1978 चे आत्मकथन आहे, पण त्याच्या आधी पंधरा वर्षे, 1963 मध्ये, बाबूराव बागूल यांचा ‘जेव्हा मी जात चोरली होती’ हा कथासंग्रह आला होता. मी मुद्दाम हाच क्रम सुचवतो, आधी बागूल आणि मग पवार. त्यानंतर बेबी कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’ अवश्य घ्यावे, कारण तोवर पुरुषांच्या नजरेतून पाहिलेली वस्ती तिथे बाईच्या नजरेतून दिसते.

झुआरीकाठ

मध्यमाताई, आपण याद्यांना कंटाळला आहात हे समजते, पण एक यादी मी तरीही पुढे ठेवतो, कारण ती ललित आणि ललितेतर हा भेद पाळत नाही. मराठीसाठी साहित्य अकादमीचा पहिला पुरस्कार 1955 साली तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या ‘वैदिक संस्कृतीचा विकास’ या ग्रंथाला मिळाला होता. 1981 मध्ये तो लक्ष्मण माने यांच्या ‘उपरा’ या आत्मकथनाला, 1983 मध्ये वर उल्लेख आलेल्या ‘सत्तांतर’ला, 2016 मध्ये आसाराम लोमटे यांच्या ‘आलोक’ या कथासंग्रहाला आणि 2023 मध्ये कृष्णात खोत यांच्या ‘रिंगाण’ला मिळाला. ही यादी क्रमाने वाचण्याची गरज नाही. तिच्यातले कोणतेही एक वर्ष उचलावे आणि त्या पुस्तकाच्या प्रस्तावनेत किंवा अर्पणपत्रिकेत जी नावे येतात त्यांच्या मागे जावे. नव्या पुस्तकांसाठी ‘ललित’ मासिक 1964 पासून हेच काम करत आले आहे, आणि दिवाळी अंक तर आहेतच. एका चांगल्या अंकात कथा, दीर्घ लेख, व्यक्तिचित्र आणि कविता एकत्र भेटतात, आणि तिथे आवडलेल्या लेखकाचे पुस्तक शोधणे सोपे असते.

एक विनंती मात्र आहे. पुण्या-मुंबईच्या बाहेरही मराठी लिहिले जाते. आमच्या गोव्याचे महाबळेश्वर सैल कोकणी आणि मराठी अशा दोन्ही भाषांत लिहितात आणि पोर्तुगीज काळातल्या धर्मांतरांवरची त्यांची ‘तांडव’ ही कादंबरी मराठीतच आहे. पणजीला आलात तर पाटो येथील मध्यवर्ती ग्रंथालय पाहा. 1832 साली स्थापन झालेल्या या ग्रंथालयात गोव्याविषयीच्या मराठी पुस्तकांसमोर उभे राहिले की पुढचे पुस्तक कोणते, हा प्रश्न पडत नाही.

मध्यमा

सर्वांचे मनापासून आभार. ‘कळ्यांचे निःश्वास’ आणि ‘स्मृतिचित्रे’ या जोडीने सुरुवात करायचे नक्की केले आहे आणि पैलतीर यांचे म्हणणे लक्षात ठेवून ‘रमलखुणा’ त्यानंतर स्वतंत्रपणे वाचेन. आता एवढेच विचारते, की ही जुनी पुस्तके इथे वडोदऱ्यात विकत न घेता वाचायला मिळतील का?

विश्वामित्री

मीही आपल्याच शहरातला आहे. महाराजा सयाजीराव गायकवाड यांनी 1910 मध्ये विल्यम बोर्डन या अमेरिकन ग्रंथपालाला बोलावून संस्थानात सार्वजनिक ग्रंथालयांची व्यवस्था उभी केली, तिचे मुख्य केंद्र असलेले सेंट्रल लायब्ररी मांडवी भागात आजही चालू आहे आणि तिथे गुजरातीबरोबर मराठी पुस्तकांचाही स्वतंत्र संग्रह आहे. जुन्या पुस्तकांसाठी आधी तिथेच चौकशी करावी.

शिवाय ‘शेतकऱ्याचा असूड’ आणि ‘स्मृतिचित्रे’ यांच्या लेखकांच्या निधनाला साठ वर्षे केव्हाच उलटून गेली असल्याने त्या लेखनावर आता स्वामित्वहक्क नाही. महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाने आपली अनेक प्रकाशने संकेतस्थळावर विनामूल्य ठेवली आहेत, तीही चाळून पाहा. ‘स्मृतिचित्रे’ घेताना फक्त एक पाहावे, की हातात आलेली प्रत संक्षिप्त नसून चारही भागांची संपूर्ण आहे.