मदत हवी आहे : १९४३ च्या मुंबईतलं रेशनकार्ड

नमस्कार मंडळी. आजीच्या पत्र्याच्या ट्रंकेत, लुगड्याच्या घडीत, युद्धकाळातलं रेशनकार्ड सापडलं. कागद पिवळा पडलाय, घड्यांवर चिरा गेल्यात. आजोबांचं नाव जेमतेम वाचता येतं, खाली जांभळ्या शाईचे शिक्के आणि आकडे आहेत.

मार्च १९४२ मध्ये रंगून जपान्यांच्या हाती गेलं आणि ब्रह्मदेशाचा तांदूळ यायचा बंद झाला. मुंबईत मे १९४३ मध्ये धान्याचं रेशनिंग सुरू झालं. त्याच वर्षी बंगालमध्ये माणसं भुकेने मरत होती. आमचं बिऱ्हाड गिरगावातल्या चाळीत, माणसं कोकणातली, दोन्ही वेळा भात खाणारी. तांदूळ पुरेना, म्हणून आजी ज्वारीच्या कण्या शिजवायची आणि मुलांच्या ताटात वर मूठभर भात वाढायची. स्वतःला फक्त कण्या. हे सांगताना ऐंशीव्या वर्षीही तिचा आवाज बसायचा.

मला दोन गोष्टी हव्या आहेत. त्या वेळी माणशी आठवड्याला किती धान्य मिळे, लहान मुलांना किती, हे कोणाच्या घरच्या कार्डावर वाचता येतं का? आणि कार्डाच्या घड्या न फाटता कशा उलगडायच्या? चिकटपट्टी लावायला मन धजत नाही. घरात कोणी नव्वदीचं असेल तर कृपया आजच विचारा, ‘कंट्रोल’च्या दिवसांत चुलीवर काय शिजायचं ते. मी सगळं लिहून ठेवतेय.