वडिलांच्या खोट्या सहीवर झालेला तडजोडीचा हुकूमनामा रद्द करून मिळेल का?

चाकरमानी: देवगड तालुक्यात आमची वडिलोपार्जित सामाईक जमीन असून तिच्यात हापूसची साठेक कलमे आहेत. आम्ही चाळीस वर्षे डोंबिवलीला राहतो. बागेची राखण चुलतभाऊ करतात आणि हंगामात चार पेट्या पाठवतात, त्यामुळे कागदांकडे कधी पाहिले नाही. यंदा गणपतीला गावी गेल्यावर सातबारा काढला, तर वडिलांचे नाव कमी झालेले दिसले. फेरफाराला 2016 सालच्या वाटपाच्या दाव्यातील हुकूमनाम्याचा आधार असून, वडिलांनी तडजोड पुरसीस (कोर्टात दाखल केलेले लेखी निवेदन) देऊन आपला हिस्सा सोडला, असे त्यात नमूद आहे. वडील 2019 मध्ये वारले, आणि ते कधी कोर्टाची पायरी चढल्याचे घरात कोणालाच ठाऊक नाही. गावात एक जण म्हणतो की आता मुदत गेली. दुसरा म्हणतो की फसवणुकीचा हुकूमनामा मुळातच शून्य असतो, तेव्हा तलाठ्याकडे अर्ज दिला की पुरे. खरे काय समजावे?

रोजनामा: मी दिवाणी न्यायालयात नोकरी केली आहे, म्हणून आधी एवढेच सांगतो की सातबारा बाजूला ठेवून नकल विभागात अर्ज करावा. दावा, समन्सवरील बेलिफाचा अहवाल, वकीलपत्र, पुरसीस आणि संपूर्ण रोजनामा (प्रत्येक तारखेच्या कामकाजाची न्यायालयीन नोंद) यांच्या प्रमाणित नकला घ्याव्यात. समन्स गावच्या पत्त्यावर काढून घरातल्याच कोणी स्वीकारले असेल, तर ते अहवालावरून कळते. तडजोड लोकअदालतीत नोंदवली गेली होती का, हेही पाहावे, कारण तिथे वाट अगदीच वेगळी आहे.

वकिली_सावंतवाडी: वरील सूचना योग्य आहे. फसवणुकीने मिळवलेला हुकूमनामा शून्यवत असतो, हे सर्वोच्च न्यायालयाने चेंगलवराय नायडू प्रकरणात 1993 मध्ये स्पष्ट केले. तिथेही दावा वाटपाचाच होता आणि वादीने स्वतः करून दिलेले सोडपत्र न्यायालयापासून दडवले होते. परंतु शून्यवत आहे म्हणून तलाठी किंवा तहसीलदार तो बाजूला सारू शकत नाहीत. तसे न्यायालयाकडूनच ठरवून घ्यावे लागते.

नवा दावा लावण्याची घाई मात्र करू नये. तडजोड कायदेशीर नव्हती या कारणावरून स्वतंत्र दावा लावण्यास दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 23 नियम 3-अ ने मनाई आहे, म्हणून ज्या न्यायालयाने हुकूमनामा दिला तिथेच, वडिलांचे वारस म्हणून, अर्ज करावा लागतो. चुकीच्या दाव्यात पाच-सात वर्षे घालवून परत आलेले पक्षकार मी पाहिले आहेत. लोकअदालतीचा निवाडा असेल, तर त्यावर अपील नाही. उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते, आणि रत्नागिरी व सिंधुदुर्गासाठी ऑगस्ट 2025 पासून ती कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जाते.

मुदतीबाबत मुदत कायद्याचे कलम 17 महत्त्वाचे आहे: फसवणूक कळल्यापासून, किंवा वाजवी दक्षता घेतली असती तर जेव्हा कळली असती तेव्हापासून, मुदत मोजतात. समोरचा वकील नेमका याच दुसऱ्या भागावर बोट ठेवील की दरवर्षी गणपतीला गावी येत होतात आणि सातबारा ऑनलाइनही दिसतो, मग इतकी वर्षे पाहिला का नाही? त्याचे खरे उत्तर आजच लिहून ठेवावे.

कलमवाला: सरळ पोलिसांत तक्रार द्यावी, बाकी आपोआप होईल.

वकिली_सावंतवाडी: तक्रार जरूर द्यावी, पण फौजदारी खटल्याने हुकूमनामा रद्द होत नाही.

चाकरमानी: नकला मिळाल्या. लोकअदालत नव्हती. समन्स चुलतभावाच्या पत्नीने घेतले आहे. रोजनाम्यात त्या तारखेला वडील ‘जातीने हजर’ आहेत, पण त्याच आठवड्यात मांडीचे हाड मोडल्याने ते मुंबईत इस्पितळात होते आणि डिस्चार्ज कार्ड घरी सापडले आहे. शिवाय पुरसिशीवर सही इंग्रजीत आहे; चौथीपर्यंत शिकलेले आमचे वडील आयुष्यभर मराठीतच सही करीत.

वकिली_सावंतवाडी: नुसते ‘फसवणूक झाली’ असे लिहून भागत नाही, आदेश 6 नियम 4 प्रमाणे कोणी, केव्हा, कशी केली, हा तपशील मांडावा लागतो, आणि तो आता आपल्याजवळ आहे. त्याच काळातल्या वडिलांच्या सह्या बँकेकडून मिळवा, म्हणजे हस्ताक्षर तज्ज्ञाकडून तुलना मागता येईल. अर्जासोबतच ‘जैसे थे’ आदेश मागा, नाहीतर निकाल लागेपर्यंत बाग तिसऱ्याच्या नावावर गेलेली असेल.