टॉम अँड जेरीतले सीन कापायचे की आहेत तसे ठेवायचे?

रीळवेडा: काल इथे एकाने लिहिलं, टॉम अँड जेरीतली ती काळी मोलकरीण म्हणजे वर्णद्वेष, तिचे सीन कायमचे उडवा, कार्टूनच तर आहे. वाचून डोकंच फिरलं. अहो हे करून झालंय! साठच्या दशकात टीव्हीसाठी मोलकरणीला दिलेला अभिनेत्री लिलियन रँडॉल्फचा आवाज काढून टाकला आणि जून फोरे या दुसऱ्या अभिनेत्रीचा आयरिश ढंगाचा आवाज चिकटवला. 'सॅटर्डे इव्हनिंग पस' या भागात मोलकरणीचा चेहरा क्षणभर दिसतो, तिथे तर तिच्या जागी गोरी पोरगीच नव्याने काढली. २०१३ मध्ये ब्लू-रे डिस्कच्या दुसऱ्या संचातून 'माऊस क्लीनिंग' आणि 'कॅसानोव्हा कॅट' हे भाग गाळले, लोक खवळले आणि तो संच आलाच नाही.

दोघींची_आई: माऊस क्लीनिंगच्या शेवटी घरात कोळशाचा ढीग ओततात आणि काळाकुट्ट टॉम कृष्णवर्णीयांची नक्कल करत बोलतो. माझ्या धाकटीला वर्गात 'कोळसा' म्हणून चिडवतात, रडत घरी येते. तिच्या शेजारी बसून हसू का मी?

रीळवेडा: मुलीला नका दाखवू, कोण जबरदस्ती करतंय? पण १९४८ साली थिएटरात लोक कशावर हसत होते त्याचा पुरावा आहे तो, तोच पुसून टाकायचा?

शाई_ब्रश: सीनचं राहू द्या, मिशांचं कोणी बोलतच नाही!! जुन्या फिल्मवरचे ओरखडे घालवणारं सॉफ्टवेअर जोरात फिरवलं की पळणाऱ्या टॉमच्या मिशा पण ओरखडा समजून पुसल्या जातात, काही डीव्हीडीत हेच झालंय. टेक्निकलर या जुन्या रंगीत फिल्मच्या पद्धतीसाठी प्रत्येक फ्रेम लाल, हिरव्या, निळ्या फिल्टरमधून तीनदा शूट करायचे, तेवढी मेहनत एका बटणाने घालवली. बाबांनी १९९७ ला टेप केलेल्या कॅसेटला बुरशी लागलीय तरी तिच्यात मिशा आहेत.

सिनेमास्कोप५४: व्हीएचएस कॅसेटवर मिशा मोजतोयस? काहीही. १९५४ पासूनचे रुंद पडद्याचे भाग टीव्हीसाठी दोन्ही बाजूंनी छाटले, टॉम झेप घेतो आणि जेरी फ्रेममध्येच नसतो, ते दिसलं नाही का कधी?

शाई_ब्रश: दिसलं, बरोबर आहे तुझं. पण छाटलेलं मूळ फिल्मवरून परत काढता येतं, पुसलेल्या मिशांचीच नवी मास्टर प्रत करून ठेवली तर पुढच्यांना तेच मूळ वाटणार.

दोघींची_आई: मिशांसाठी एवढा जीव तुटतो आणि माझ्या मुलीचं कोणाला काहीच नाही? ठीक आहे, अख्खं ठेवा, आधी सूचना लावा. पण मुलांच्या यादीत पुढचा भाग म्हणून ते आपोआप लागता कामा नये. एवढं मान्य आहे का?

रीळवेडा: मान्य. तुमच्या मुलीचं वाचून वाईट वाटलं, ते आधीच लिहायला हवं होतं मी. पण 'कायमचे उडवा' म्हणणाऱ्याशी माझं भांडण अजून संपलेलं नाही.